कालयंत्र : कल्पित आणि खरे

गेल्या पावसाळ्यात एके दिवशी मधल्या सुट्टीत नववीतील एक विद्यार्थी शिक्षकांच्या खोलीच्या दाराशी येऊन उभा राहिला. आत यावे की न यावे, अशा विचारात तो काही वेळ घुटमळला आणि शेवटी धीर करून म्हणाला, "सर, गेलेला वेळ टिपून ठेवणारे आणि पुन्हा मागे नेणारे यंत्र खरोखर करता येईल का?" प्रश्न थट्टेने विचारलेला नव्हता, हे त्याच्या मुद्रेवरून स्पष्ट दिसत होते. इतक्यात घंटा झाली. "याचे उत्तर दोन शब्दांत देण्याजोगे नाही, पुढे सविस्तर सांगेन," असे म्हणून मी त्यास वर्गात पाठविले. त्याने तो प्रश्न का विचारला, हे मला मागाहून कळले. ते या लेखाच्या शेवटी, त्याच्याच संमतीने, सांगणार आहे. तूर्त प्रश्नाचाच विचार करू.

गेलेल्या किंवा येणाऱ्या काळात जाण्याची कल्पना फार जुनी आहे. आपल्या पुराणांत राजा ककुद्मीची कथा आहे. आपली कन्या रेवती हिला योग्य वर कोण, हे विचारण्यास तो तिला घेऊन ब्रह्मलोकी गेला. तेथे गायन चालले होते, म्हणून तो क्षणभर थांबला. तेवढ्यात पृथ्वीवर कित्येक युगे लोटून गेली आणि त्याने मनात योजिलेले सर्व वर केव्हाच काळाच्या उदरात गडप झाले. अशा कथांतून काळाची उडी घडते ती देवलोकीच्या नियमाने अथवा दीर्घ निद्रेने. माणसाच्या हातात काहीच नसते. १८९५ साली एच. जी. वेल्स या इंग्रज लेखकाने 'द टाइम मशीन' ही कादंबरी प्रसिद्ध केली आणि या प्रवासाची सूत्रे माणसाच्या हाती दिली. त्याच्या नायकाने एक यंत्र तयार केले. त्याला बसावयास खोगीर आणि दोन दांडे होते. एक दांडा दाबला की पुढे, दुसरा दाबला की मागे. त्यावर बसून तो इसवी सन ८,०२,७०१ मध्ये जाऊन पोहोचतो. तेव्हापासून 'कालयंत्र' हा शब्द जगभर रूढ झाला.

अशा यंत्राकडून आपण कोणकोणती कामे अपेक्षितो? विचार केला असता ती तीन दिसतात. पहिले, काळ मोजणे. दुसरे, काळ टिपून ठेवणे. आणि तिसरे, काळ आपल्या इच्छेप्रमाणे मंद, शीघ्र किंवा उलट चालविणे. या तिहींपैकी कोणते काम मनुष्यास कितपत साधले आहे, ते क्रमाने पाहू.

मोजण्याचे काम पुष्कळच साधले आहे. आपल्याकडे पूर्वी घटिकापात्र वापरीत. तांब्याच्या वाटीस बुडाशी बारीक छिद्र पाडून ती पाण्याने भरलेल्या घंगाळात सोडीत. पाणी हळूहळू आत शिरून वाटी बुडाली की एक घटका, म्हणजे आजची २४ मिनिटे, झाली. अशा ६० घटकांचे अहोरात्र होते. 'घटका भरली' हा वाक्प्रचार या वाटीतूनच आला आणि 'घड्याळ' या शब्दाचे मूळही घटिकेतच आहे. आजचे घड्याळ मात्र पाण्यावर किंवा लंबकावर विसंबत नाही. १९६७ साली सेकंदाची जी व्याख्या ठरली, ती सीझियम या धातूच्या अणूवरून. त्याच्या विशिष्ट प्रारणाची ९,१९,२६,३१,७७० आंदोलने झाली की एक सेकंद. आपला भारतीय प्रमाणकाल दिल्लीच्या राष्ट्रीय भौतिकी प्रयोगशाळेत अशाच अणुघड्याळांच्या साह्याने राखला जातो.

परंतु घड्याळ जे दाखविते ते किती अंशी निसर्गाचे आणि किती अंशी माणसांनी आपसात ठरविलेले, हे आपल्या खराडीतच पाहता येईल. पटांगणात एक सरळ काठी उभी रोवा आणि तिची सावली दर पाच मिनिटांनी खुणा करून मोजा. सावली सर्वांत आखूड होईल ती खरी माध्यान्ह. घड्याळात त्या वेळी बारा वाजलेले नसतात! भारतीय प्रमाणकाल ८२.५ पूर्व रेखांशावरील आहे, आणि ती रेषा मिर्झापूरजवळून जाते. खराडी तिच्या पश्चिमेस सुमारे साडेआठ अंश आहे. सूर्यास एक अंश ओलांडण्यास ४ मिनिटे लागतात. म्हणून आपली माध्यान्ह सरासरीने बारा वाजून ३४ मिनिटांनी होते. पृथ्वीचा अक्ष कललेला असल्यामुळे व तिची कक्षा लंबवर्तुळाकार असल्यामुळे ही वेळही वर्षभर हलत राहते. फेब्रुवारीच्या मध्यास ती सुमारे १२.४८ ला येते, तर नोव्हेंबरच्या आरंभी १२.१८ ला. हा प्रयोग काठीखेरीज दुसरे काही मागत नाही. विद्यार्थ्यांनी तो अवश्य करून पाहावा.

घड्याळाचे काटे लोकांनी ठरवून फिरविल्याची उदाहरणेही आपल्या इतिहासात आहेत. १९०६ साली भारतीय प्रमाणकाल सुरू झाला, तरी मुंबईने त्याहून ३९ मिनिटे मागे असलेला आपला 'मुंबई टाइम' १९५५ पर्यंत सोडला नाही. दुसऱ्या महायुद्धात, १९४२ ते १९४५ या काळात, हिंदुस्थानातील घड्याळे एक तास पुढे करण्यात आली होती. आजही खराडीतील कित्येक पालक ज्या कचेऱ्यांत काम करतात, तेथे एकाच भिंतीवर पुणे, लंडन व न्यूयॉर्क येथील वेळा दिसतात, आणि आईची रात्रपाळी ही अमेरिकेतील कोणाची तरी सकाळ असते. परंतु काटे पुढे केल्याने कोणाचे आयुष्य तासभर सरले नाही, की मागे ठेवल्याने वाढले नाही. फिरविला गेला तो काटा, काळ नव्हे.

आता दुसरे काम, काळ टिपून ठेवण्याचे. येथे एक योगायोग ध्यानात घेण्यासारखा आहे. ज्या १८९५ साली वेल्सचे कालयंत्र कागदावर अवतरले, त्याच वर्षाच्या डिसेंबरात पॅरिस येथे लुमिएर बंधूंनी तिकीट लावून चलच्चित्रे दाखविली. पुढे ७ जुलै १८९६ रोजी तीच करामत मुंबईच्या वॉटसन हॉटेलात लोकांनी पाहिली. या दोन गोष्टींचा संबंध त्या काळीही एका माणसाने ओळखला होता. लंडनमधील रॉबर्ट पॉल या यंत्रकाराने वेल्सची कथा वाचून १८९५ सालीच एका खेळाच्या पेटंटासाठी अर्ज केला. हलत्या आसनांवर प्रेक्षकांस बसवावे आणि समोर अशी चित्रे दाखवावीत की आपण भूतकाळात अथवा भविष्यकाळात चाललो आहोत असे त्यांस वाटावे, अशी ती योजना होती. ती प्रत्यक्षात आली नाही. तथापि खरे कालयंत्र कोणत्या दिशेने शोधावे, हे पॉलला अचूक उमगले होते. चित्रपटाचा कॅमेरा हेच मनुष्याने केलेले पहिले कालयंत्र होय.

हे यंत्र आपल्या महाराष्ट्रात कोणी, कसे चालविले, ते आता पाहू. धुंडिराज गोविंद फाळके, म्हणजेच दादासाहेब फाळके, यांचा जन्म १८७० साली त्र्यंबकेश्वर येथे झाला. छायाचित्रण, मुद्रण, जादूचे प्रयोग असे नाना उद्योग त्यांनी केले. १९११ च्या सुमारास मुंबईत ख्रिस्तचरित्रावरील एक चित्रपट पाहत असता, आपल्या देशातील कथाही अशाच पडद्यावर का येऊ नयेत, या विचाराने त्यांस पछाडले. पुढे त्यांनी दिवसरात्र चित्रपट पाहण्याचा व त्यांच्या अभ्यासाचा इतका ध्यास घेतला की काही काळ त्यांची दृष्टी अधू झाली. डोळे सुधारल्यावर विम्याची पॉलिसी गहाण टाकून १९१२ साली ते लंडनला गेले, कला शिकले आणि विल्यमसन बनावटीचा कॅमेरा विकत घेऊन परतले.

चित्रपट काढावयाचा तर भांडवल हवे, आणि भांडवल देणाऱ्यास यंत्राची करामत पटावयास हवी. फाळक्यांनी काय केले? त्यांनी एका कुंडीत वाटाण्याचा दाणा पेरला, कुंडीसमोर कॅमेरा रोखून ठेवला, आणि ठरावीक अंतराने एकेक चित्र घेण्यास आरंभ केला. मातीतून कोंब डोकावला, पाने फुटली, वेल वर चढू लागला. कॅमेरा जागचा हलला नाही. ती फीत पडद्यावर सोडली तेव्हा कित्येक दिवसांची वाढ प्रेक्षकांच्या डोळ्यांदेखत पळभरात घडून आली. पैसा उभा राहिला, घरातील दागिनेही कामी आले, पत्नी सरस्वतीबाई फितीला छिद्रे पाडण्यापासून सर्व कामांत सहभागी झाल्या, आणि ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कोरोनेशन चित्रगृहात 'राजा हरिश्चंद्र' लोकांसमोर आला. भारतीय चित्रपटांचा इतिहास राजा हरिश्चंद्रापासून सांगण्याची रीत आहे; पण मला विचाराल तर तो त्या वाटाण्याच्या कोंबापासून सांगावा.

ही किमया कशी घडते, ते थोड्या हिशेबाने समजेल. कॅमेरा सलग हालचाल टिपीत नाही. तो एकामागून एक स्थिर चित्रे घेतो. बोलपटात एका सेकंदास २४ चित्रे पडद्यावरून सरकतात आणि आपल्या मेंदूस ती सलग भासतात. सेकंदास २४ चित्रे घेऊन त्याच गतीने दाखविली, तर जसे घडले तसे दिसते. परंतु रोपट्याचे चित्र तासाला एकच घेतले, तर दिवसाची २४ चित्रे होतील आणि पडद्यावर संपूर्ण दिवस एका सेकंदात सरेल. महिन्याची वाढ अर्ध्या मिनिटात दिसेल. याच्या उलट, सेकंदास २४० चित्रे घेऊन ती २४ च्या गतीने दाखविली, तर एक सेकंद दहा सेकंदांएवढा ताणला जाईल आणि पाण्यात पडणाऱ्या थेंबाचा मुकुट आपणांस निवांतपणे पाहता येईल. फीत शेवटाकडून सोडली तर काळ उलटा धावेल. लुमिएर यांनी १८९६ साली एक भिंत पाडतानाचे चित्र घेतले होते. ते उलटे दाखविताच धुळीतून भिंत आपोआप उभी राहिली आणि लोक चकित झाले. हीच तिन्ही कामे करणारे यंत्र आज घरोघरी मोबाइलच्या रूपाने खिशात आहे, म्हणून त्याचे नवल वाटेनासे झाले आहे इतकेच.

टिपलेला काळ जपावाही लागतो. लॉ कॉलेज रस्त्यावर १९६४ साली स्थापन झालेले राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे. फाळक्यांच्या 'राजा हरिश्चंद्रा'चे उरलेले भाग तेथे जतन केलेले आहेत. आपल्या देशातील कित्येक मूकपट मात्र कायमचे नाहीसे झाले. त्या काळच्या नायट्रेटच्या फिती चटकन पेट घेत, कुजत, आणि कधी त्यांतील चांदीसाठी विकल्याही जात. तेव्हा टिपणे हे निम्मेच काम. सांभाळणे हे उरलेले निम्मे.

येथे चौकस विद्यार्थी म्हणेल, "सर, फितीवरील काळ फिरला, पण प्रत्यक्ष काळाचे काय?" शंका रास्त आहे. भिंत फितीत उभी राहिली, गावात नव्हे. मग प्रत्यक्ष काळ मंद किंवा शीघ्र करता येईल काय?

आश्चर्याची गोष्ट अशी की या प्रश्नाचे उत्तर काही अंशी 'होय' असे आहे. आल्बर्ट आइन्स्टाइन यांनी १९०५ व १९१५ साली मांडलेल्या सिद्धांतांप्रमाणे, वेगाने जाणारे घड्याळ सावकाश चालते, आणि गुरुत्वाकर्षण जेथे अधिक तेथेही घड्याळ सावकाश चालते. १९७१ साली सीझियमची घड्याळे प्रवासी विमानांतून पृथ्वीभोवती फिरवून आणली, तेव्हा हा फरक प्रत्यक्ष मोजता आला. ज्या उपग्रहांच्या साह्याने मोबाइलवरील नकाशा आपणांस वाट दाखवितो, त्यांची घड्याळे वेगामुळे दररोज सुमारे ७ मायक्रोसेकंद मागे पडतात आणि उंचीवरील दुर्बळ गुरुत्वाकर्षणामुळे सुमारे ४५ मायक्रोसेकंद पुढे जातात. म्हणजे एकंदरीत ३८ मायक्रोसेकंद पुढे. एवढी बारीक चूकही दुरुस्त केली नाही, तर एका दिवसात स्थाननिश्चितीत दहा किलोमीटरांच्या आसपास घोटाळा होईल आणि खराडीचा पाहुणा भलतीकडेच जाऊन पोहोचेल. गेनाडी पडाल्का या रशियन अंतराळवीराने एकूण सुमारे ८७९ दिवस अंतराळात काढले. तितक्या अवधीत तो आपल्यापेक्षा सेकंदाच्या सुमारे पन्नासाव्या भागाने कमी वृद्ध झाला. पुढच्या काळात जाण्याचा मार्ग असा खुला आहे. फक्त पाऊल फार लहान पडते. कृष्णविवरासारख्या प्रचंड गुरुत्वाकर्षणाच्या वस्तूजवळ मात्र ही पावले ककुद्मीच्या कथेला शोभतील इतकी मोठी होतील.

याच विषयावर आपल्या भाषेत लिहिणारा थोर शास्त्रज्ञ पुण्यातच राहत होता, याचा आपणांस अभिमान वाटला पाहिजे. डॉ. जयंत विष्णु नारळीकर यांचा जन्म १९३८ साली कोल्हापूर येथे झाला. पुणे विद्यापीठाच्या आवारातील 'आयुका' या संस्थेचे ते संस्थापक-संचालक होते. २० मे २०२५ रोजी पुण्यात त्यांचे निधन झाले. १९७४ साली मराठी विज्ञान परिषदेच्या कथास्पर्धेसाठी त्यांनी 'कृष्णविवर' ही कथा लिहिली. आपले नाव पाहून परीक्षकांचे मत झुकू नये, म्हणून त्यांनी आद्याक्षरे उलटी करून 'नारायण विनायक जगताप' हे नाव घेतले आणि हस्ताक्षरही ओळखू येऊ नये म्हणून ती पत्नीकडून लिहवून घेतली. कथेस पहिले पारितोषिक मिळाले. परीक्षेत ओळखीपाळखीचा विचार मनात आणणाऱ्यांनी ही गोष्ट लक्षात ठेवावी.

त्यांची दुसरी कथा 'गंगाधरपंतांचे पानिपत'. पुण्याचे इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत एका अपघाताच्या क्षणी अशा जगात जाऊन पडतात की जेथे मराठे पानिपतावर विजयी झाले आहेत. प्रत्यक्षात १४ जानेवारी १७६१ रोजी विश्वासराव गोळी लागून पडले. त्या दुसऱ्या जगात ती गोळी त्यांस चाटून जाते, आणि तेवढ्या फरकाने सारा इतिहास निराळा होतो. 'तेव्हा असे झाले असते तर?' हा प्रश्न प्रत्येकाच्या मनात केव्हा ना केव्हा येतो. राष्ट्राच्या बाबतीत त्याला पानिपत म्हणतात. घरातल्या बाबतीत त्यास नाव नसते.

मग भूतकाळात जाऊन ती गोळी चुकविता येईल काय? येथे मात्र अडचणींचा डोंगर उभा राहतो. आपण मागे जाऊन आपल्याच आजोबांचा विवाह मोडला, तर आपला जन्म कसा झाला आणि मागे गेले कोण? स्टीफन हॉकिंग या शास्त्रज्ञाने २८ जून २००९ रोजी कालप्रवाशांसाठी एक मेजवानी मांडली आणि तिचे निमंत्रण मेजवानी झाल्यावर प्रसिद्ध केले. भविष्यातून कोणी मागे येऊ शकत असेल तर येईल! कोणीच आले नाही. अर्थात ही थट्टा झाली. पण तिच्यामागे एक गंभीर वस्तुस्थिती आहे, आणि ती आपण फितीवरूनच समजून घेऊ. डोलणाऱ्या लंबकाची फीत उलटी दाखवा. उलटी आहे हे कोणास कळणार नाही. पण दुधाचे दही होताना, मडके फुटताना किंवा चुलीवरील निखारा विझताना घेतलेली फीत उलटी दाखवा. लहान मूलही हसेल. मडक्याचे खापर होण्याचे मार्ग असंख्य आहेत, खापराचे मडके होण्याचा मार्ग जवळजवळ नाहीच. अव्यवस्था वाढत जाते, आणि जिकडे ती वाढते तिकडेच काळाचा बाण रोखलेला असतो. भूतकाळात नेणारे यंत्र अद्याप कोणी केलेले नाही, आणि ते कसे करावे हे कोणी दाखविलेलेही नाही.

आता त्या विद्यार्थ्याचा प्रश्न. त्याची आजी गावी राहत असे. एका रविवारी तिने त्यास भेटीस बोलाविले होते. पण त्या दिवशी क्रिकेटचा सामना होता, म्हणून 'पुढच्या रविवारी येतो' असे त्याने कळविले. पुढचा रविवार आला, पण आजी राहिली नव्हती. त्याच्या मोबाइलमध्ये तिची एकच चलच्चित्रफीत आहे, चाळीस सेकंदांची. ती सुपात तांदूळ निवडते आहे, मध्येच मान वर करून "काय रे, काय करतोस?" असे विचारते आणि हसते. ती फीत त्याने किती वेळा मागेपुढे केली असेल, याची मोजदाद नाही. त्यास तो एक रविवार परत हवा होता.

मी त्यास खोटी आशा दाखविली नाही. चाळीस सेकंदांची फीत ऐंशी सेकंद चालविता येते. पण आजीने न उच्चारलेला एक शब्दही तीत वाढत नाही. आहे ते ताणता येते. जे टिपलेच नाही, ते कोणतेही यंत्र देत नाही. तथापि दुसरी बाजूही त्यास सांगितली. शंभर वर्षांपूर्वीच्या नातवापाशी आजीचे हसणे पुन्हा पाहण्याचे कोणतेच साधन नव्हते. तुझ्यापाशी चाळीस सेकंद आहेत. संग्रहालयातील फितींप्रमाणे ते जपून ठेव, दोन-तीन ठिकाणी त्यांच्या प्रती करून ठेव. त्याने मान हलविली. दुसऱ्या दिवशी तो येऊन म्हणाला, "सर, आजोबा आहेत अजून. या रविवारी जातो." तो गेला, आणि विहीर कशी खणली, लग्नात घटिकापात्र कसे मांडीत, याविषयी आजोबांचे पाऊण तासाचे बोलणे टिपून आला.

विद्यार्थिमित्रहो, वेल्सच्या यंत्राला दोन दांडे होते. मागचा दांडा आपल्या हाती नाही, आणि पुढचा आपण दाबला नाही तरी तो आपणांस घेऊन चाललाच आहे. पण घरात वडील माणसे बोलत बसली आहेत, मोबाइल खिशात आहे आणि रविवार अजून यावयाचा आहे. एवढे साहित्य पुरेसे आहे.